दूर राहणाऱ्या जोडीदाराशी व्हिडिओ कॉल: दोष यंत्राचा की माणसाचा?

वेगवेगळ्या शहरांत किंवा देशांत राहणाऱ्या जोडप्यांमध्ये व्हिडिओ कॉलवर जे खटके उडतात, त्यांतील बऱ्याच खटक्यांचे मूळ यंत्रात, घड्याळात आणि थकव्यात असते. आवाज अर्धा सेकंद उशिरा पोहोचला की समोरची व्यक्ती उत्तर द्यायला कचरते आहे असे वाटते. कॅमेरा पडद्याच्या वर असल्यामुळे नजर खाली झुकलेली दिसली की तिचे लक्ष दुसरीकडे आहे असे वाटते. दिवसभर पडद्यासमोर काम करून आलेला माणूस गप्प बसला की त्याला आपला कंटाळा आला आहे अशी शंका येते. दोष यंत्राचा असतो आणि तो माणसाच्या नावावर लिहिला जातो. म्हणून पुढील पायऱ्यांमध्ये आधी सहज दुरुस्त होणाऱ्या गोष्टी घेतल्या आहेत आणि दोघांची मेहनत मागणाऱ्या गोष्टी नंतर. पहिल्या दोन पायऱ्या नीट पार पडल्याशिवाय पुढच्या पायऱ्यांतील अडचण खरी आहे की भासमान, हे कळणार नाही.

पायरी १: वेळ ठरवणे

दोघे एकाच प्रमाणवेळेत राहत असतील, तर फक्त एवढे पाहावे की दोघांपैकी कोणीही दररोज अर्धवट झोपेत बोलत नाही. वेळा वेगळ्या असतील तर मात्र काम वाढते, कारण दोन ठिकाणांमधील तासांचा फरक वर्षभर सारखा राहतोच असे नाही. अमेरिकेच्या बहुतेक भागांत घड्याळे मार्चच्या दुसऱ्या रविवारी एक तास पुढे आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी एक तास मागे केली जातात. युरोपातील बहुतेक देशांत हेच काम मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी होते. परिणामी न्यूयॉर्क आणि पॅरिस यांच्यातील एरवीचा सहा तासांचा फरक मार्चमध्ये दोन ते तीन आठवडे आणि शरद ऋतूत एक आठवडा पाच तासांवर येतो. दक्षिण गोलार्धात हे चक्र उलटे फिरत असल्यामुळे लंडन आणि सिडनी यांच्यातील फरक वर्षाच्या निरनिराळ्या काळात नऊ, दहा किंवा अकरा तासांचा असतो. जपानसारखे देश घड्याळ हलवतच नाहीत, त्यामुळे तेथील व्यक्तीला दुसऱ्या टोकाला काही बदलले आहे याचा पत्ताही लागत नाही. या दिवसांत एक जण तासभर वाट पाहत बसतो, दुसरा वेळेवर हजर होतो, आणि भांडणाचा विषय ‘तुला माझी आठवण राहत नाही’ हा ठरतो.

यावरचा उपाय साधा आहे. ठरलेला कॉल फोनमधील कॅलेंडरमध्ये नोंदवावा, त्यात कोणत्या शहराची वेळ धरली आहे ते निवडावे आणि जोडीदाराला त्याचे आमंत्रण पाठवावे. त्यानंतर प्रत्येकाच्या फोनवर ती वेळ आपापल्या घड्याळाप्रमाणे आपोआप दिसते. तोंडी ठरवताना ‘रात्री नऊला’ एवढेच म्हणू नये, ‘तुझ्या रात्री नऊला’ असे म्हणावे.

झोपेचा भार कोणी उचलायचा, हा प्रश्न वेळेच्या गणिताइतकाच महत्त्वाचा आहे. ज्याची नोकरी अधिक कडक किंवा ज्याचा स्वभाव अधिक आग्रही, त्याच्या सोयीने कॉल होऊ लागतात आणि दुसरी व्यक्ती महिनोन् महिने पहाटे उठत राहते. तिची चिडचिड कॉलवर दिसते, कारण मात्र दिसत नाही. गैरसोय आळीपाळीने वाटून घ्यावी: एका आठवड्यात एकाने लवकर उठावे, पुढच्या आठवड्यात दुसऱ्याने उशिरापर्यंत जागावे.

कॉल किती करावेत याचा एकच आकडा सर्वांना लागू पडत नाही. तरीही दररोज तासभर बोललेच पाहिजे हा दंडक बहुतेकांना झेपत नाही, आणि तो मोडला की उगाच अपराधी वाटते. आठवड्यातून दोन किंवा तीन निवांत कॉल नक्की करावेत आणि उरलेले दिवस मोकळे ठेवून त्या दिवशी झाला तर झाला अशा बेताने घ्यावेत. कॉल रद्द करावा लागला तर कारणासोबत त्याच संदेशात नवी वेळ सुचवावी. किती वेळ वाट पाहून कॉल होणार नाही असे समजायचे, हेही आधीच ठरवावे; पंधरा मिनिटे पुरतात.

पायरी २: आवाज, चित्र आणि जोडणी

माणसे समोरासमोर बोलतात तेव्हा एकाचे वाक्य संपणे आणि दुसऱ्याचे सुरू होणे यांत फारच थोडा वेळ जातो. जगातील दहा वेगवेगळ्या भाषांमधील संभाषणांची तुलना करणारा एक अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात प्रश्न आणि उत्तर यांच्यामधील हे अंतर सरासरी सुमारे ०.२ सेकंद आढळले. आपला मेंदू या लयीला इतका सरावलेला असतो की उत्तर त्याहून बरेच लांबले की त्याचा अर्थ नकार, संकोच किंवा नाराजी असा लावला जातो. आता यात जोडणीचा विलंब मिळवून पाहावा. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या शिफारशीनुसार एका बाजूने दुसऱ्या बाजूला आवाज पोहोचायला १५० मिलिसेकंदांपेक्षा कमी वेळ लागला तर बोलणे सहसा नैसर्गिक वाटते. कमकुवत इंटरनेटवर ही मर्यादा सहज ओलांडली जाते. जहाजावर किंवा दुर्गम ठिकाणी काम करणारी व्यक्ती भूस्थिर उपग्रहावरून बोलत असेल, तर तो उपग्रह विषुववृत्तावर सुमारे ३६,००० किलोमीटर उंचीवर असल्यामुळे आवाज एका बाजूला जायलाच पाव सेकंद लागतो आणि तितकाच वेळ उत्तर परत यायला. म्हणजे ‘माझी आठवण येते का?’ या प्रश्नानंतर निदान अर्ध्या सेकंदाची शांतता भौतिकशास्त्रच घडवून आणते.

हा विलंब पूर्णपणे घालवता येत नाही, पण त्याच्याशी जुळवून घेता येते. वाक्य पूर्ण करावे आणि क्षणभर थांबावे. दोघे एकदम बोलू लागले की कोणी थांबायचे हे ठरवून टाकावे. ज्याने कॉल केला त्याने थांबावे, हा नियम लक्षात ठेवायला सोपा आहे. ऐकताना ‘हं, हं’ करण्याऐवजी मान डोलवावी, कारण उशिरा पोहोचलेला हुंकार समोरच्याचे पुढचे वाक्य कापतो. महत्त्वाचा प्रश्न विचारल्यावर मनात तीन मोजेपर्यंत उत्तराच्या शांततेला कोणताही अर्थ चिकटवू नये.

जोडणी तपासताना बहुतेक लोक डाउनलोडचा वेग पाहतात. आपला चेहरा आणि आवाज दुसरीकडे जातो तो अपलोडवर, आणि घरगुती जोडण्यांमध्ये अपलोड पुष्कळदा कमी असतो. त्यामुळे समोरची व्यक्ती स्वच्छ दिसत असूनही तिला मात्र आपण तुटक दिसत असू, हे शक्य असते. दोघांनी एकाच वेळी वेगाची चाचणी करावी, म्हणजे ‘तुझे नेट खराब आहे’ हा वाद पुराव्याने मिटतो. राउटर जवळ असेल तर पाच गिगाहर्ट्झचा वायफाय वापरावा. मध्ये भिंती असतील तर २.४ गिगाहर्ट्झचा सिग्नल अधिक टिकतो. आपण इअरफोन लावल्याने समोरच्याचा आवाज प्रतिध्वनी होऊन त्यालाच परत ऐकू येत नाही. ब्लूटूथच्या अनेक संचांमध्ये माइक सुरू होताच आवाजाचा दर्जा उतरतो, तेव्हा लांब कॉलसाठी साधा तारेचा इअरफोन बरा. मोबाइल डेटावर बोलणाऱ्यांनी एवढा हिशेब ठेवावा की दोन्ही दिशांना प्रत्येकी सेकंदाला एक मेगाबिट वेगाने चालणारा कॉल तासाभरात एकूण सुमारे ९०० मेगाबाइट खर्च करतो. आणि सगळे उपाय थकले तर चित्र बंद करून आवाज टिकवावा. गोठलेल्या चेहऱ्याकडे पाहत ‘ऐकू येतंय का?’ असे दहा वेळा विचारण्यापेक्षा स्वच्छ आवाजात बोललेली पंधरा मिनिटे कितीतरी अधिक जवळीक देतात.

कोणते अॅप वापरायचे याला फार महत्त्व नाही. परदेशी जाणाऱ्याने मात्र तेथील नियम निघण्यापूर्वी पाहावेत: चीनमध्ये व्हॉट्सअॅप बंद आहे आणि संयुक्त अरब अमिरातीत इंटरनेटवरील कॉलवर दीर्घकाळ निर्बंध राहिले आहेत. पर्यायी अॅप दोघांच्या फोनवर आधीच घालून एकदा चालवून पाहावे.

कॅमेऱ्याविषयी दोन गोष्टी पुरेशा आहेत. पहिली म्हणजे फोन किंवा लॅपटॉप डोळ्यांच्या उंचीवर ठेवावा आणि जोडीदाराची चौकट लहान करून कॅमेऱ्याच्या अगदी खाली ओढून घ्यावी. त्यामुळे त्याच्या चेहऱ्याकडे पाहतानाही आपली नजर जवळपास त्याच्याकडेच आहे असे दिसते. दुसरी म्हणजे उजेड पाठीमागे नको, समोर हवा. खिडकीला पाठ करून बसलेल्या माणसाचा चेहरा काळवंडतो आणि त्याचे हसू पलीकडे पोहोचतच नाही.

पायरी ३: थकवा ओळखणे आणि कॉलचे प्रकार वेगळे करणे

स्टॅनफर्ड विद्यापीठातील जेरेमी बेलेन्सन यांनी २०२१ मध्ये व्हिडिओ कॉलच्या थकव्यामागची चार कारणे मांडली: अनैसर्गिकरीत्या जवळून आणि अखंड रोखलेली नजर, हावभाव पाठवण्यासाठी आणि वाचण्यासाठी मेंदूला घ्यावे लागणारे जादा कष्ट, सतत दिसणारा स्वतःचाच चेहरा, आणि कॅमेऱ्याच्या चौकटीत जखडून बसणे. हे निरीक्षण मुख्यतः कामाच्या बैठकांविषयी असले तरी प्रेमाच्या कॉललाही तंतोतंत लागू पडते, कारण डोळे आणि मेंदू तेच असतात. दिवसभर बैठका करून आलेल्या जोडीदाराला संध्याकाळी पुन्हा त्याच खुर्चीत, त्याच पडद्यासमोर बसवून त्याच्याकडून उत्साहाची अपेक्षा करणे अन्यायाचे आहे. स्वतःची चौकट लपवण्याची सोय असेल तर ती लपवावी. लॅपटॉप बंद करून फोन हातात घ्यावा, उठावे, चालावे. एखाद्या दिवशी चित्राविना नुसता आवाज ठेवून दोघांनी आपापल्या ठिकाणी फिरायला जावे.

सगळे कॉल एकाच साच्याचे असणे हीच खरी अडचण असते. समोरासमोर बसून, एकमेकांकडे पाहत, सलग बोलत राहण्याचा एकच प्रकार बहुतेक जोडपी वापरतात. पण एकत्र राहणारी माणसेही दिवसातून तासभर असे बसत नाहीत. त्यांचा बराचसा वेळ एकाच खोलीत आपापले काम करण्यात जातो, आणि नात्याची ऊब बहुधा तिथेच असते. म्हणून सोबतीचा कॉल हा प्रकार मुद्दाम रुजवावा. फोन खिडकीच्या कठड्याला तिरका टेकवलेला असतो, त्यात अर्धा चेहरा आणि उरलेले छत दिसते. एकीकडे कपड्यांच्या घड्या चालू असतात, दुसरीकडे कोणी वहीत हिशेब लिहीत असते. बराच वेळ कोणी काहीच बोलत नाही. मग मध्येच ‘हा शर्ट अजून टाकला नाहीस?’ असा प्रश्न येतो, त्यावर दोन वाक्ये होतात आणि पुन्हा शांतता. पडद्यावर नेमकी हीच शांतता अवघड वाटते, तेव्हा सुरुवातीलाच ‘आज बोलायचे नाही, नुसते सोबत राहू’ असे एकमेकांना सांगून ठेवावे; काही दिवसांत ते सांगण्याची गरज उरत नाही.

याशिवाय पाच मिनिटांचा धावता कॉल ठेवावा, ज्यात केवळ चेहरा पाहायचा आणि दिवसातील एक गोष्ट सांगायची. सोबत चित्रपट पाहायचा असेल तर अॅपलच्या उपकरणांवर शेअरप्ले आहे, व्हॉट्सअॅपवर २०२३ पासून स्क्रीन दाखवण्याची सोय आहे. नाहीतर दोघांनी तीन, दोन, एक म्हणत एकदम चित्रपट सुरू करावा आणि कॉलचा आवाज मंद ठेवावा. बुद्धिबळ, शब्दकोडे, एकाने वाचून दाखवणे हेही चालते. दोन्ही टोकांना सजावट करून मेणबत्त्यांच्या उजेडात जेवण्याचा जो सल्ला सर्वत्र दिला जातो, तो मला फारसा उपयोगाचा वाटत नाही. त्यात तयारीच जास्त होते आणि कॅमेऱ्याला मंद उजेडात काही दिसत नाही.

पायरी ४: बोलण्याचा मजकूर

‘काय चाललंय?’, ‘काही विशेष नाही’, ‘तू सांग’ या तीन वाक्यांवर अडकलेल्या कॉलमागे प्रेम आटल्याचे कारण क्वचितच असते. दूर असलेल्या व्यक्तीला आपल्या दिवसातील माणसे आणि जागा माहीत नसतात, त्यामुळे किरकोळ गोष्ट सांगायची तर आधी पाच मिनिटांची पार्श्वभूमी द्यावी लागते, आणि तो कंटाळा टाळण्यासाठी किरकोळ गोष्टी गाळल्या जातात. उरतात त्या फक्त मोठ्या बातम्या, आणि त्या रोज नसतात.

यावर उपाय म्हणजे पार्श्वभूमी एकदाच नीट उभी करणे. नव्या जागी राहायला गेल्यावर पहिल्याच आठवड्यात कॅमेरा फिरवून जोडीदाराला जागा दाखवावी: दार कुठे उघडते, टेबल कुठे आहे, खिडकीतून काय दिसते, कोणता नळ गळतो. सहकारी, शेजारी, शिक्षक यांची नावे आणि स्वभाव सांगावेत, शक्य असल्यास त्यांपैकी एखाद्याशी कॉलवर ओळख करून द्यावी. त्यानंतर ‘आज तो पुन्हा उशिरा आला’ एवढे वाक्य पुरते. ऐकणाऱ्यानेही आपला वाटा उचलावा. जोडीदाराची परीक्षा, डॉक्टरची भेट, वरिष्ठांशी व्हायचे बोलणे यांची तारीख लिहून ठेवावी आणि त्या दिवशी आपणहून विचारावे. लिहून ठेवण्यात कृत्रिम काही नाही. एका घरात राहणाऱ्याला समोरच्याचा चेहरा पाहून जे आठवते, ते येथे वहीला आठवून द्यावे लागते.

दिवसभरातील बारीकसारीक गोष्टी कॉलसाठी साठवून ठेवू नयेत. छायाचित्र, अर्ध्या मिनिटाचा ध्वनिसंदेश, एक ओळ जेव्हाची तेव्हा पाठवावी. कॉलवर मग त्याच धाग्याने पुढे जाता येते. आजारपण, नोकरीतील पेच, पैशाची अडचण यांसारखे विषय ‘तिकडे तो कशाला काळजी करेल’ म्हणून लपवणे मात्र नेहमी महागात पडते, कारण नंतर कळल्यावर मूळ अडचणीपेक्षा लपवणेच जास्त सलते. अशी बातमी त्याच दिवशी, आवाजात सांगावी.

पायरी ५: पडद्यावरचे भांडण

येथे यंत्र आणि माणूस यांची गल्लत सर्वांत घातक ठरते. भांडणाच्या ऐन भरात जोडणी तुटली तर एकाला वाटते की दुसऱ्याने कॉल कापला. म्हणून शांत असताना एक नियम करावा: कॉल तुटला तर ज्याने लावला होता त्यानेच पुन्हा लावायचा, दुसऱ्याने थांबायचे, दोघांनी एकदम लावला तर दोघांनाही ‘व्यस्त’ येते आणि संशय वाढतो. दोन मिनिटांत लागला नाही तर ‘तुटला, मी कापला नाही’ एवढा संदेश पाठवावा. मुद्दाम कॉल कापायचा नाही, हे दोघांनीही कटाक्षाने पाळावे.

राग अनावर झाला तर थांबावे, परंतु थांबण्याला वेळ जोडावी. दाम्पत्यसंबंधांचे अभ्यासक जॉन गॉटमन अशा वेळी निदान वीस मिनिटांचा विराम घ्यायला सांगतात, कारण वाढलेले हृदयाचे ठोके आणि शरीरातील खळबळ शमायला तेवढा वेळ लागतो. ‘मला आत्ता नीट बोलता येणार नाही, अर्ध्या तासाने मी फोन करते’ असे म्हणून ठेवलेला कॉल आणि नुसता बंद झालेला पडदा यांत दूर बसलेल्या माणसासाठी फार मोठा फरक असतो. एकाच घरात रुसून बसलेली व्यक्ती निदान दिसते. येथे ती नाहीशीच होते.

मध्यंतरात लांबलचक संदेश लिहू नयेत. लिखित शब्दाला सूर नसतो आणि तो पुन्हा पुन्हा वाचता येतो. एखाद्याच्या मध्यरात्रीनंतर नवा वादाचा विषय काढू नये; तो लिहून ठेवावा आणि दुसऱ्या दिवशी पाहावा. त्यांतील निम्मे विषय सकाळी काढावेसे वाटत नाहीत.

पायरी ६: खासगीपणा आणि सावधगिरी

व्हॉट्सअॅप, सिग्नल आणि फेसटाइम यांवरील कॉल टोकापासून टोकापर्यंत कूटबद्ध असतात, म्हणजे मधल्या कोणाला ते ऐकता येत नाहीत. दुसऱ्या टोकाला मात्र पडदा ध्वनिचित्रमुद्रित करता येतो आणि त्याची सूचना आपल्याला मिळेलच असे नाही. त्यामुळे जवळिकीच्या कॉलचे ध्वनिचित्रमुद्रण करायचे नाही, हे स्पष्ट शब्दांत ठरवावे, आणि ‘आज नको’ हे उत्तर कारण न विचारता मान्य करावे. खोलीत किंवा घरात इतर कोणी असेल तर कॉल सुरू होताच सांगावे. जोडीदार मोकळेपणाने बोलून गेल्यावर ते कळणे अपमानास्पद असते.

ज्याला प्रत्यक्षात कधीच भेटलेले नाही, अशा व्यक्तीशी नाते कॉलवरच जुळले असेल तर एक सावधगिरी अधिक घ्यावी. चालू कॉलमध्येच चेहरा बदलून दाखवणारे तंत्रज्ञान आता गुन्हेगारांच्या हातात आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये हाँगकाँग पोलिसांनी अशा बनावट चेहऱ्यांच्या आधारे प्रेमाचे जाळे टाकणाऱ्या टोळीतील २७ जणांना अटक केली होती. चेहरा दिसला म्हणून ओळख पटली असे समजू नये आणि भेट होण्यापूर्वी कोणत्याही कारणासाठी पैसे पाठवू नयेत.

पायरी ७: भेटी आणि एकत्र येणे

यंत्र माणसाच्या नावावर जसे दोष लावते तसे गुणही लावते. क्रिस्टल जियांग आणि जेफ्री हॅनकॉक यांच्या २०१३ मधील अभ्यासात दूर राहणाऱ्या जोडप्यांनी जवळ राहणाऱ्यांपेक्षा कमी नव्हे, उलट अधिक जवळीक नोंदवली. त्यामागे मनातले अधिक उघड करणे आणि जोडीदाराला मनोमन आदर्श रूप देणे अशी दोन कारणे दिसली. यांतील पहिले कमावलेले असते. दुसरे मात्र अंशतः पडद्याची देणगी असते, कारण कॉलवर प्रत्येक जण आपला बरा तास घेऊन येतो आणि उरलेले तेवीस तास दिसत नाहीत. लॉरा स्टॅफर्ड आणि सहकाऱ्यांच्या २००६ मधील अभ्यासात दुराव्यानंतर एका ठिकाणी आलेल्या जोडप्यांपैकी सुमारे एक तृतीयांश तीन महिन्यांच्या आत विभक्त झाली होती.

तेव्हा अधूनमधून वाईट अवस्थेतही कॉल घ्यावा: सर्दीने नाक वाहत असताना, पसारा पडलेला असताना, काही बोलावेसे वाटत नसताना. भेटीच्या दिवसांत सगळे सणासारखे ठेवू नये. एक दिवस कामाला जावे, किराणा आणावा, कंटाळावे. पुढची भेट केव्हा, हे मागची भेट संपण्यापूर्वी ठरवावे, आणि अंतर नेमके कशाने संपणार, म्हणजे कोणाच्या शिक्षणाने, बदलीने की स्थलांतराने, यावर दर सहा महिन्यांनी एक कॉल केवळ त्यासाठी ठेवावा. उत्तर दोघांचे वेगळे येत असेल तर ते लवकर कळलेले बरे.

एकत्र राहायला सुरुवात केल्यावर पहिले काही आठवडे जोडीदार अनोळखी वाटू शकतो, आणि कॉलवर सापडणारा एकांत आता कुठे गेला असाही प्रश्न पडतो. त्या काळात आठवड्यातून एकदा ठरलेल्या कॉलच्या जुन्या वेळी दोघांनी फोन बाजूला ठेवून समोरासमोर बसावे, आणि ज्या सवयी पडद्यावर कधी दिसल्या नव्हत्या त्यांविषयी एकेक करून बोलून घ्यावे.